दक्षिणेकडच्या भिंतीवरची काच

नाही नाही, मॅडम, तिकडून नको — त्या बाजूची फरशी मी आत्ताच पुसलीय, ओली आहे, घसराल — इकडून या, मधल्या वाटेनं. चर्च बघायचं तर मधूनच बघायचं, उभं राहून, मान वर करून. भिंतीचं काय, भिंत काय पळून जातेय? दोनशे बारा पायऱ्या चढून आलात, आधी जरा टेका. पाणी देऊ? बरं, नको तर नको. कामाच्या वेळी पाणीसुद्धा न पिणारी माणसं मला नवी नाहीत, आमचे फादर तसलेच. गेली सव्वीस वर्षं मी त्यांच्या मागे पेला घेऊन फिरतेय. तर मी काय सांगत होते — मनोरा! बाहेरून बघितलात ना? एकच मनोरा. जो येतो तो विचारतो, दुसरा पडला का हो? अहो, पडला नाही, झालाच नाही! दोन बांधायचे होते, एक उत्तरेला, एक दक्षिणेला. पण खालच्या रस्त्यावरून जी बाजू दिसते ती दक्षिणेची, म्हणून आधी तीच बांधायला घेतली — लोकांना लांबून दिसलं पाहिजे ना — आणि ती पुरी होईस्तोवर मुख्य गवंडी म्हातारा होऊन गेला. त्याच्या मुलांनी सांगितलं, आम्ही खाली घरं बांधू, वर नाही येणार. राहिला एकच. एका बाजूला खांद्यावर पोतं घेतलेल्या हमालासारखं दिसतं आमचं चर्च, मी तर म्हणते. फादरांना नाही आवडत मी असं बोललेलं. पण हसतात.

एकशे सत्तर वर्षं झाली, मॅडम. हा एक-एक दगड खालून आलाय, बैलगाडीनं नाही, डोक्यावरून. प्रत्येक घरानं एक तरी दगड वाहून आणायचा असं ठरलं होतं, आणि ज्या घराचा दगड त्या घराची खूण त्यावर — हे बघा, हा मासा, हा कोळ्याच्या घरचा. ही कात्री शिंप्याची. आणि हे जे काही आहे ना, ज्याला सगळे चंद्र म्हणतात, ती विळी आहे, माझ्या आजीच्या माहेरची. माझे वडील इथं छपराचं काम करायचे. चुना कसा मळायचा, किती दिवस भिजत ठेवायचा, हे मी पोरवयात शिकले. आणि ही कमान — वेदीच्या अलीकडची, ही मोठी — हिच्याखालचे लाकडी टेकू काढले तेव्हा गवंडी स्वतः मधोमध उभा राहिला होता, बायकोला म्हणाला, पडली तर माझ्यावर पडू दे. नाही पडली. पडणार कशी? उत्तरेची बाजू सरळ खडकावर बसवलीय. टेकडीचा माथा केवढा, परातीएवढा, चर्च तर हवं मोठं, मग उतारावर दगडमाती टाकून जागा वाढवली आणि दक्षिणेची बाजू त्या — भरावावर — म्हणजे, पक्का भराव आहे तो, दाबून दाबून भरलेला, त्या काळची माणसं काय आपल्यासारखी कामचुकार होती का? तुमच्या कागदात असेलच हे. मी आपलं उगीच बोलत सुटले.

भेग? कुठली भेग — हां, ती. ती जुनीच आहे. वर चला ना आधी, गायकांच्या सज्जात, तिथून घंटा दिसते, एवढी मोठी घंटा — नंतर? बरं. नंतर. चला मग, तुमचं काम आधी. सांभाळून, ती फरशी. हे दार दिसतंय ना, ही सॅक्रिस्टी, फादर इथं मिस्साचे, म्हणजे उपासनेचे, कपडे घालतात. इथून वेदीपर्यंत अकरा पावलं. ती मला कशी माहीत? त्यांना मोजताना ऐकलंय. चार वर्षांपूर्वी डोळ्यांपुढे धुकं येतं म्हणायला लागले, आता धुकंसुद्धा येत नाही. डावा हात भिंतीवर ठेवतात, अकरा पावलं चालतात, वळतात, दोन पायऱ्या, आणि उभे राहिले वेदीशी की एक शब्द चुकत नाहीत. नव्या माणसाला कळतसुद्धा नाही. मागे एक पाहुणे आले होते, मिस्सा झाल्यावर मला विचारतात, तुमचे फादर पुस्तकात बघत का नाहीत? म्हटलं, पाठ आहे त्यांना, तुमच्यासारखं नाही! या चर्चमध्ये ते आंधळे नाहीत, मॅडम. बाहेर अंगणात आले की आंधळे.

बघा, झालं समाधान? काच शाबूत आहे. तुमच्या आधीचे साहेब आले होते तीन वर्षांपूर्वी, त्यांनीच लावली, भेगेवर आडवी, दोन्ही टोकं प्लास्टरमध्ये घट्ट. मला म्हणाले, भिंत हलली तर काच फुटेल, मग मला कळवायचं. फुटली नाही, कळवलं नाही. तारीखसुद्धा आहे बघा त्यांच्या हातची, मार्करनं लिहिलेली. पिशवीतून काय काढताय? साहेबांनी तेव्हा घेतलेला फोटो? अहो, फोटो कशाला, समोर खरी काच असताना! — जाड होती? फोटोत जाड दिसते, कोणाचंही तसंच, माझं लग्नातलं तोंड बघा फोटोत. हिरवी कड होती? असेल. चुना उडतो, ऊन लागतं, रंग जातो. काचेचा जात नाही? मला काय माहीत, मी काय इंजिनियर आहे?

असं नका बघू माझ्याकडे.

बरं. एकदा. एकदाच फुटली होती, आणि ती माझ्या शिडीनं, शपथेवर सांगते. म्हणजे मला तेव्हा तसंच वाटलं. मी वरची जळमटं काढत होते, शिडी सरकवली, नंतर बघते तर काच मधोमध तडकलेली. आता साहेबांना काय सांगायचं, तुमची वस्तू मी फोडली? सव्वीस वर्षांत माझ्या हातून एक फुलदाणी फुटलेली नाही. लाज वाटली मला. ऑफिसात जुन्या फादरांच्या तसबिरी आहेत, त्यातल्या एकाची काच काढली, कापून आणली, लावली, वर तारीख साहेबांच्या अक्षरात. झालं! खिडकीची काच फुटली तर आपण बदलतोच ना? तशीच बदलली. यात काय मोठं पाप? पुढच्या वेळी शिडी नव्हती, ते खरं आहे. पुढच्या वेळी मी इथं कोणाला फिरकूच दिलं नव्हतं. सकाळी आले, दिवा लावला, आणि काच तडकलेली. उभी राहिले बघत. मग काय — दुसरी तसबीर. आणि मग तिसरी. तीन. झालं? तीन वेळा. लिहा काय लिहायचं ते.

पण थांबा, आज नका लिहू. ऐका माझं, हात जोडते, सोमवारी लिहा. आज शुक्रवार. परवा रविवारी फादरांना पन्नास वर्षं होतात फादर होऊन — पन्नास! लोक लांबून लांबून यायचेत, सातशे-आठशे माणूस, त्यांनी ज्यांना बाप्तिस्मा दिला त्यांची नातवंडं. एवढं होऊ दे. सोमवारी मी स्वतः तुम्हाला चावी देते, घाला कुलूप, लावा पाटी. आज कुलूप लागलं तर काय होणार ते मला माहीत आहे. ‘तात्पुरतं बंद’ म्हणतात आणि मग गवत उगवतं. आणि त्यांना नेतील शहरात, म्हाताऱ्या फादरांच्या आश्रमात, खोलीसुद्धा ठरलीय, पत्र आलंय बिशपांच्या कार्यालयातून. मीच वाचून दाखवलं त्यांना. म्हणजे — सगळं नाही वाचलं. मधला परिच्छेद सोडला. काय करू? ‘तब्येतीची काळजी घ्यावी’ इथपर्यंत वाचलं आणि खाली सहीवर गेले. ते म्हणाले, एवढंच? एवढ्यासाठी दोन पानं? म्हटलं, मोठ्या अक्षरात आहे, फादर. अहो, तिथं त्यांना खुर्चीत बसवून ठेवतील. संडासला जायचं तर घंटी वाजवायची. इथं ते आठशे माणसांपुढे ताठ उभे राहतात आणि तिथं त्यांना कोणीतरी चमच्यानं भरवणार. तुमचे वडील असते म्हणजे? लावलं असतंत कुलूप?

आणि मला एक सांगा, तुम्हाला पाठवलं कोणी? साहेब तर पाच वर्षांनी येईन म्हणाले होते, तीनच झालीत. बिशपांचं कार्यालय? ते तर पत्राला उत्तर द्यायला सहा महिने लावतात. मग? — कोण? फादर? — नाही हो. काहीतरी चुकतंय तुमचं. ते फोन नाही करत. फोन मी लावून देते, नंबर मी फिरवते, मग त्यांच्या हातात देते. सोमवारी? सोमवारी सकाळी मी बाजारात होते. तास-दीड तास. फोनची बटणं हाताला लागतात, ते खरं, पण तुमचा नंबर — पाठ असेल. त्यांना सगळंच पाठ असतं.

काय म्हणाले ते? नीट सांगा. जसं म्हणाले तसं सांगा.

पाच.

‘पाच वेळा काच बदललीय.’ असं म्हणाले? ‘प्लास्टर हाताला ओलं लागतं.’ आणि — माझं नाव घेतलं? नाही घेतलं. ‘कोणीतरी प्रेमानं करतंय, त्या माणसाला बोलू नका.’ अस्सं. कोणीतरी! या टेकडीवर आम्ही दोघंच राहतो, मॅडम, कोणीतरी म्हणजे काय माकड येतं चुना घेऊन? सव्वीस वर्षं मी या माणसाचं जेवण करते, बटणं शिवते, पत्रं वाचते, आणि रोज सकाळी त्या काचेवरून हात फिरवून हा माणूस माझ्यासमोरून जातो, ‘आज चहा छान झालाय’ म्हणतो, आणि पाठीमागे तुम्हाला फोन करतो! मला सांगायचं ना! ओरडायचं ना माझ्यावर! मी रडले असते, भांडले असते — हां. भांडलेच असते. म्हणून नाही सांगितलं. आणि मी तरी त्यांना काय सांगितलं होतं.

हो, पाच. माझ्या चार फुटल्या, ही पाचवी. आता लपवून काय करू. साहेबांची जाड काच पावणेदोन वर्षं टिकली. मग माझी पहिली आठ महिने. दुसरी चार. तिसरी दीड महिना, आणि चौथी — चौथी, मॅडम, नऊ दिवस. मी स्वतःला म्हटलं, तसबिरीची काच पातळ असते, म्हणून. ही शनिवारी लावली. हे असं ओळीनं मी आजवर म्हटलंच नव्हतं. एक फुटली की एक लावायची, एवढंच बघत होते मी. आठ, चार, दीड, नऊ दिवस. आणि मी म्हणतेय रविवारी आठशे माणसं बसू द्या. पोराबाळांना घेऊन बायका कुठं बसतात माहीत आहे? इथं. या भिंतीला टेकून, पोरांना झोप लागली तर टेकायला भिंत बरी पडते म्हणून. मी बसवते त्यांना. मीच सांगते, इथं बसा, इथं गार आहे.

काय केलं मी हे.

नाही, मला नका समजावू. लिहा. आजच लिहा, आत्ता, इथं उभ्या उभ्या नाही, बाहेर जाऊन. दगडी ओटा आहे अंगणात, तिथं बसा. मोठं दार मी बंद करते. पायऱ्यांच्या खाली शिंप्याचं दुकान आहे, त्याला सांगा कोणाला वर सोडायचं नाही, फुलांची माणसं यायचीत दुपारी, त्यांनासुद्धा नाही. म्हणावं, मी सांगितलंय. रविवारचं बघू. खाली शाळेचं मैदान आहे, टेबल मांडू, चादर घालू, मिस्सा काय मैदानात होत नाही? पण तिथं भिंत नाही, मॅडम. पावलं मोजून ठेवलेली नाहीत. ते आपले उभे राहतील मधोमध, सगळ्यांसमोर, हात पुढे करून चाचपत — सगळ्यांना दिसेल. ते दिसू नये म्हणून मी — जाऊ द्या. त्यांना माहीत होतं ना हे? फोन करताना माहीतच असणार. मग त्यांचं त्यांनी ठरवलंय. मी कोण मधे पडणारी? तुम्ही निघा आता. निघा म्हणते ना! आणि त्या बाजूनं नका जाऊ, फरशीबिरशी काही ओली नाही, मी खोटं बोलले, पण त्या भिंतीजवळून नका जाऊ —

थांबा. ऐकलंत? सॅक्रिस्टीचं दार. एवढ्या लवकर कसे आले? ही काही त्यांची वेळ नाही. हात टेकलाय बघा भिंतीला. फादर! फादर, थांबा! तिथंच थांबा, पुढे पाऊल टाकू नका. भिंतीवरचा हात काढा. हो, मीच. हो, आल्या आहेत त्या. सांगितलं मी त्यांना, सगळं सांगितलं. नका मोजू, फादर. हात काढा म्हणते ना — असा पुढे करा, माझ्याकडे. मी येते न्यायला.