बसस्टँडवरचा रिटेक

मी फिल्ममध्ये काम केलंय, हसू नका. मित्राची शॉर्ट फिल्म होती. बुऱ्हाणपूरच्या बसस्टँडवर बसून नुसतं कासावीस दिसायचं, बोलायचं नाही. ते सोपं होतं. बाबांच्या गाठीचा रिपोर्ट त्याच दुपारी येणार होता आणि लॅबला फोन लावायची माझी हिंमत होत नव्हती.

फोपनारच्या बससाठी थांबलेली एक मावशी शेजारी बसली. तिला कॅमेरा दिसलाच नाही.

"काय झालं बेटा?"

मी सगळं सांगून टाकलं.

"लाव फोन. मी बसते इथंच."

समोर लागलेली बस तिने जाऊ दिली.

गाठ साधी निघाली. तिचा हात धरून मी रडलो. मित्र धावत आला, "बोलायचं नव्हतं ना! रिटेक करावा लागेल."

मावशी म्हणाली, "ते मागून कर. पहिले त्याला बापाला फोन लावू दे."