सखाहरींचा हिसका

मंडळी, ऐका! एक प्रश्न विचारतो — काम झालं, की 'मी केलं' म्हणायला पुढं कोण येतं? आपणच! पण खरं केलं कुणी? शेजाऱ्याकडं बघू नका, मी तुमच्याबद्दल बोलत नाहीये. अजून नाही!

एका गावात शाळेचं मैदान. तिथं गवत कापायचं मशीन चालवायचे सखाहरी माळी. त्या मशीनला दोरी. दोरीला हिसका द्यायचा, की ते सुरू. मास्तर लोक दहा-दहा हिसके देऊन घामाघूम व्हायचे. सखाहरींचा एकच — भुर्रर्र! सगळ्या गावात त्या हिसक्याचं नाव.

पण साठी उलटली आणि खांदा धरला. दोरी ओढवेना. सांगणार कुणाला? लाज वाटते हो! सून वैजयंता आयटीआय शिकलेली, मोटारी दुरुस्त करणारी. तिनं ओळखलं. भंगारातल्या स्कूटरची सेल्फची मोटर आणली, मशीनला बसवली, बॅटरी जोडली, दांड्याखाली बटण लावलं. म्हणाली, "आबा, आता नुसतं दाबा."

आबांनी काय केलं? उजव्या हातानं दोरीला लटका हिसका, डाव्या हातानं गुपचूप बटण! भुर्रर्र! लोक म्हणाले, "या वयात काय ताकद आहे!" आबा मिशीत हसले. सुनेचं नाव? छे! ते काही तोंडातून निघालं नाही.

पुढं शाळेनं सत्कार ठेवला. शाल पांघरली, नारळ दिला. हेडमास्तर म्हणाले, "सखाहरी, एकदा दाखवाच." त्यांनी हिसका दिला, बटण दाबलं — मशीन गप्प! पुन्हा दाबलं — गप्प! आयुष्यभर मिळवलेलं नाव, आणि अख्खा गाव बघतोय.

बायकांतून वैजयंता उठली. "आबा, पेट्रोलचा कॉक बंद राहिला वाटतं," म्हणत वाकली आणि निसटलेली वायर हळूच जोडली. कुणाला पत्ता लागला नाही. "हं, ओढा आता तुमची दोरी."

मशीन सुरू झालं. टाळ्या पडल्या. आणि मंडळी, सखाहरींना रडू कोसळलं. जिचं नाव दोन महिने लपवलं, तिनंच चारचौघांत लाज राखली! त्यांनी मशीन बंद केलं. अंगावरची शाल काढून सुनेच्या खांद्यावर घातली आणि म्हणाले, "मी नुसती दोरी हलवतोय. मशीन ही चालवते."

आता वळतो तुमच्याकडं! सकाळी डोळे उघडतात, छातीत धडधड चालू असते, आणि आपण म्हणतो — संसार मी ओढतो! अरे बाबा, तू दोरी हलवतोयस. चालवणारा विठ्ठल आत बसलाय. कधी पुढं येत नाही, कधी तुला उघडं पाडत नाही. त्याचे आभार मानाल, ते देवळात येऊन. पण आज घरी ताट वाढणारी समोर येईल ना, तेव्हा आधी तिचं नाव घ्या. देवाचं मग घ्या, तो थांबतो.