रेषेला पाय लावून

शिवकन्या: सांगितलं ना सर, सत्यम घरी न्हाई. आमच्या मालकासंग शेताकडं गेलाय. सांजच्याला येईल, न्हाई तर तिकडंच राहील.

अण्णाराव: बरं. मग दारातले हे खिळ्याचे बूट कोणाचे? तुझे मालक घालतात काय?

शिवकन्या: तुमी बुटाकडं कामून बघून राहिले?

अण्णाराव: शिवकन्या, शाळेच्या कबड्डीत होतीस तेव्हाही तुला लबाडी जमायची नाही. अंगाला बोट लागलं की पंचानं बघायच्या आधी तूच मैदानाबाहेर जाऊन उभी राहायचीस. मी डोक्याला हात लावून बसायचो.

शिवकन्या: आत हाय. कडी घालून बसलाय. पण बोलणार न्हाई तुमच्याशी. सख्ख्या बहिणीशी बोलंना, तुमच्याशी काय बोलतो?

अण्णाराव: नको बोलू दे. आत ऐकू तर येतं ना?

शिवकन्या: पत्र्याचं दार हाय. सगळंच ऐकू येतं. बसा तिथं बाजंवर, आलाच हात तर.

अण्णाराव: जेवतो का नीट?

शिवकन्या: ताट आत सरकवते, रिकामं भाईर येतं. दिवस उगायच्या आत भाईर जाऊन येतो, मग दार लावतो ते लावतोच. परवा बाजाराचा दिवस होता. म्हटलं चल, संगं पिशवी तरी धरशील. चौकापर्यंत आला. तिथं पानटपरीवर दोघं जण मोबाईल बघून हसून राहिले. यानं पिशवी माझ्या हातात दिली अन् माघारी आला.

अण्णाराव: तो व्हिडिओ.

शिवकन्या: तोच. माझ्या नणंदेच्या पोरीनं बी दाखवला मला. गाणं लावलंय त्याला खाली. माणसं हसून हसून लोळायलीत.

अण्णाराव: तू बघितलास?

शिवकन्या: बघितला की. खरं सांगू का सर? पैल्यांदा बघितला तवा मला चूक कुटं हाय तेच कळंना. म्हटलं, पोरानं झकास चढाई केली. एवढ्या सगळ्यांना चकवून पार त्या टोकाला गेला, रेषेला पाय लावला अन् गर्रकन वळला. हसायला काय झालं यात? मग नणंदेच्या पोरीनं समजावून सांगितलं. तवा कुटं कळलं मला.

अण्णाराव: कबड्डीतलं माणूस तसंच करणार. तिकडं जाऊन थांबलं तर मेलं. घरी आलं तर गुण.

शिवकन्या: अंगणात चुन्याची रेषा मारून म्याच शिकवलं त्याला. एवढासा होता. पाय लाव अन् पळ माघारी. दोन्ही हात पसरून मी उभी राहायची. आमची माय गेल्यापासून दुसरं काय होतं आम्हा दोघांना?

अण्णाराव: पुढचं मीच शिकवलं की. दहा वर्षं.

शिवकन्या: मग तुमाला कबड्डी सोडून हे अमेरिकेचं फुटबॉल कुटं सुचलं? ती डोक्यावरची टोपडी, त्या खांद्यावरच्या ढाली. आमच्या मालकानं फोटो बघितला तर म्हणले, हे खेळायला चालले का फवारणीला?

अण्णाराव: मला नाही सुचलं. हैदराबादची कंपनी आली. म्हणाले, लहान-लहान शहरांची लीग काढतोय, लातूरचा संघ करा. कबड्डीवाले द्या, पैलवान द्या, बाकी आम्ही बघतो. एक गोरा प्रशिक्षक आला. भला माणूस. त्याला आपलं ऊन मानवलं नाही, महिन्यात गेला. मग उरलो मी. मोबाईलवर बघायचं अन् मैदानावर सांगायचं. रात्री शिकायचं, सकाळी शिकवायचं.

शिवकन्या: तरीच.

अण्णाराव: हस, हस. पहिल्या सामन्याला निझामाबादला गेलो. आपल्या मन्मथ पैलवानानं समोरच्याला उचलून पाठीवर टाकला अन् छातीवर बसून राहिला. पंचानं येऊन चितपट म्हणायची वाट बघतोय. चेंडू तिकडं पार पुढं गेला. मी बाहेरून ओरडतोय, अरे मन्मथ, ऊठ. तो मला हात करून म्हणतो, सर, पाठ पूर्ण टेकलीय.

शिवकन्या: अन् ते गावांची नावं घेऊन खेळता म्हणत होता हा. ते काय?

अण्णाराव: डाव्या बाजूनं घुसायचं असलं की निलंगा. उजवीकडून हिमायतनगर. इंग्रजी खुणा पोरांच्या डोक्यात राहीनात, एसटीच्या पाट्या राहिल्या. बीदरला जाऊन निलंगा म्हणून ओरडलो तर ते हसले. शेजारच्या गावचे ते, दोन खेपांत ओळखलं त्यांनी.

शिवकन्या: हरलात?

अण्णाराव: हरलो. निझामाबाद, बीदर, गुलबर्गा, परत निझामाबाद. सगळीकडं हरलो. तीस पोरं होती सुरुवातीला. एकाच्या गळपट्टीचं हाड मोडलं. चार जण पोलीस भरतीच्या तयारीला गेले. दोघांची लग्नं ठरली, अन् सासऱ्यानं सांगितलं, नाक मोडलेला जावई नको. ऊसतोड सुरू झाली तशी आणखी गेली. मी कोणाला अडवलं नाही. कोणत्या तोंडानं अडवू?

शिवकन्या: सत्यम न्हाई गेला.

अण्णाराव: नाही. तो थांबला. सोलापूरचा सामना आपल्या मैदानावर होता. घरची माणसं बघायला आली होती. त्यांचे सात गुण, आपले तीन. ते तीन पण आपल्या शिवमनं चेंडूला लाथ मारून मिळवलेले. शेवटचा डाव. मी ओरडलो निलंगा, अन् पोरगं निघालं. एक चुकवला, दोन चुकवले, एक तर त्याच्या अंगावरून घसरून पडला. पुढं कोणीच नाही. मोकळं रान. सहा गुण मिळाले असते तर सबंध मोसमातला पहिला विजय होता.

शिवकन्या: अन् यानं पाय लावला.

अण्णाराव: पाय पलीकडं, चेंडू काखेत, अलीकडं. चेंडू पलीकडं न्यावा लागतो. वळून माघारी पळाला अन् तिघांनी धरला. शिट्टी वाजली. संपलं.

शिवकन्या: मग तुमी काय केलं?

अण्णाराव: मी?

शिवकन्या: हाव, तुमी. हा तिथं पालथा पडला होता. मी व्हिडिओ दहा खेपा बघितलाय सर. लोकं ह्याच्याकडं बघून हसतात, मी ह्याच्या मागं बघत होते. एक बी माणूस ह्याच्याकडं आला न्हाई. मन्मथनं टोपडं काढून आपटलं. शिवम खाली बसला. तुमी दुसरीकडंच पळून राहिले.

अण्णाराव: पंचाकडं.

शिवकन्या: कामून?

अण्णाराव: भांडायला. पाय लागला म्हणजे गुण द्या म्हणून.

शिवकन्या: म्हणजे?

अण्णाराव: म्हणजे मला पण माहीत नव्हतं शिवकन्या. म्हणजे, चेंडू न्यायचा हे वाचलं होतं, पण पाय चालत नाही हे पंचानं सांगितलं तेव्हा समजलं. कशी टक्कर द्यायची ते शिकवलं मी. पडायचं कसं, उठायचं कसं, चेंडू काखेत कसा धरायचा, सगळं शिकवलं. रेषेपाशी पोचल्यावर काय करायचं, ते शिकवलंच नाही. एका दिवशीसुद्धा नाही.

शिवकन्या: असं कसं?

अण्णाराव: आपल्यातलं कोणी तिथवर जाईल असं वाटलंच नव्हतं मला.

शिवकन्या: अन् हे आता सांगता?

अण्णाराव: हे त्याला सांगायला आलो. दुसरं काही नाही.

शिवकन्या: दुसरं काही न्हाई कसं? रविवारी नांदेडला सामना हाय. पोरं किती उरलीत तुमच्याकडं?

अण्णाराव: दहा.

शिवकन्या: अन् लागतात किती?

अण्णाराव: अकरा. अकरा उभे नाही केले तर लातूरचं नाव लीगमधून काढतात. पुढच्या मोसमात दुसऱ्या शहराला देणार.

शिवकन्या: मग असं बोला ना. अकरावा पाहिजे म्हणून आलात. आठ दिस झाले सर. सामना संपला तसा हा एकटा एसटीत बसून आला, अंगावर तोच मातीचा बनियन, दस्तीनं तोंड झाकून. एकाचा फोन न्हाई.

अण्णाराव: त्याचा फोन बंद होता.

शिवकन्या: माझा चालू होता. नंबर हाय तुमच्याकडं. राखीला तुमीच फोन करून विचारलं होतं, पोरगं पोचलं का म्हणून.

अण्णाराव: हाव. चुकलं. शंभरदा फोन हातात घेतला अन् ठेवला. काय बोलावं सुचेना. अन् अकरावा पाहिजे म्हणून आलो, तेही खरं आहे. तुझ्यापासून काय लपवायचं? पण तो नाही म्हणाला तर मी त्याला ओढून नेणार नाही. लातूरचं नाव गेलं तर जाऊ दे. कबड्डीचं मैदान कुठं पळून चाललंय? नांदेडवाले चार दिवस चिडवतील, ते तर तसेही चिडवतात.

शिवकन्या: मला न्हाई पाठवायचं त्याला. तिथं गेला अन् लोकांनी तेच गाणं लावलं तर? माझ्या घरात निदान कुणी हसत न्हाई त्याला.

अण्णाराव: खरंय तुझं.

शिवकन्या: एक विचारू का सर? चेंडू घेऊन रेषेच्या पलीकडं गेला माणूस, तर मग वळायचंच न्हाई?

अण्णाराव: नाही.

शिवकन्या: मग करतो काय तो तिथं?

अण्णाराव: काही नाही. उभा राहतो. बाकीचे पळत त्याच्याकडं येतात.

शिवकन्या: सगळे?

अण्णाराव: सगळे. मोबाईलवर बघितलंय मी. बाकावर बसलेलेसुद्धा उठून येतात. त्याच्या अंगावर पडतात, डोकी थोपटतात. आपल्याकडं असतं का असं? आपल्याकडं जाणाऱ्यानंच जायचं अन् त्यानंच जीव घेऊन माघारी यायचं. बाकीचे रेषेच्या अलीकडं उभे राहून वाट बघणार.

सत्यम: सर.

शिवकन्या: अगं बाई. बोलला.

अण्णाराव: बोल सत्यम. मी इथंच आहे, दाराशी.

सत्यम: मी पाय लावून वळलो ना, तवा तुमी सगळे दिसले मला. मन्मथ, शिवम, सगळे. दोन्ही हात वर करून हलवून राहिले होते. मला वाटलं, ये म्हणून राहिले.

अण्णाराव: आम्ही जा म्हणत होतो रे. पुढं जा म्हणत होतो.

सत्यम: मला ये वाटलं. म्हणून लई जोरात पळालो.

शिवकन्या: बाळा, दार उघड.

सत्यम: पडलो तवा वाटलं, आता कुणी तरी उचलंल. नांगरटीत पडल्यावानी पडून राहिलो. वर बघितलं तर कुणीच न्हाई. हसतात त्याचं मला काय न्हाई, अक्का. लोकं हसतात, विसरतात. पण आपलीच पोरं मैदानावरून परत न्यायच्या संघाच्या बसमधी जाऊन बसली. माझ्या शेजारची जागा मोकळी राहंल म्हणून मी बसमधी चढलोच न्हाई.

अण्णाराव: त्यांना लाज वाटत होती सत्यम. तुझी नाही, हरल्याची. अन् मला माझी. म्हणून आज आलो. उशिरा आलो, पण आलो.

शिवकन्या: तुमी आले. ती पोरं?

अण्णाराव: ती पण आलीत.

शिवकन्या: कुटं हायत?

अण्णाराव: स्टँडवर जीप उभी केलीय. तासाभरापासून बसलीत तिथं उन्हात. घरापर्यंत यायचं धाडस होईना. मन्मथ म्हणाला, सर, तुम्ही आधी जा, अक्का शिव्या देईल त्या तुम्ही खाऊन घ्या.

शिवकन्या: दहाच्या दहा?

अण्णाराव: दहाच्या दहा. सामन्यासाठी नाही आलीत. मी एकटाच निघालो होतो, मन्मथ जीपच्या पुढं येऊन उभा राहिला. म्हणाला, त्याच्याकडं त्या दिवशी जायचं होतं ते आज जाऊ.

शिवकन्या: अन् इतका वेळ उन्हात बसवलं तुमी पोरांना? शिकवायची शुद्ध न्हाईच तुमाला, वागायची तरी ठेवा. लावा फोन मन्मथला. म्हणावं, या सगळे घरी. शिव्या संपल्या म्हणावं. चहा टाकते मी.

अण्णाराव: दूध पुरेल का एवढ्यांना?

शिवकन्या: म्हशीचं घर हाय सर. दहा पोरं, तुमी, अन् जीपवाला. पातेलं मोठंच काढावं लागंल.

(आतल्या दाराची कडी निघते.)

सत्यम: माझा बी धर त्यांच्यात, अक्का.