एकाच देशाचे प्रश्न

या, जवळ सरका माउली, एक गोष्ट सांगते. दातांच्या दवाखान्यात एक बाप आणि त्याची कमावत्या वयाची लेक नंबरासाठी बसले होते. शेजारच्या बाकावर शिवणकामवाल्या मावशींचे कान आपोआप तिकडे लागले.

"बाबा, बायकांना मताचा हक्क आधी कोणत्या देशानं दिला?"

"न्यूझीलंडनं. राजधानी वेलिंग्टन, हे काल विचारलंस. संसदेला सभागृह एकच, हे परवा."

"मग चीनचं विचारू?"

"नको. पूर्वी प्रश्नांतून जगभर फिरवायचीस मला. हल्ली गाडी न्यूझीलंडवरच का अडते गं?"

"सहज."

"सहज? तिथं नोकरी लागली ना तुला?"

"दाढ दुखतेय ना तुमची? बोलू नका."

"आईला सांगितलंस?"

"तीच म्हणाली, आधी बाबांना तो देश आवडू दे."

"बरं. विचार मग, तिथलंच आणखी एक."

देवापुढे हात जोडाल, तेव्हा या बापाची आठवण ठेवा.