निशाच्या सवयीची फाईल

...नाही नाही, धर्माजी काका, फॉरमॅटचं नाव काढू नका, आधी बसा तरी. ते स्टूल नको, त्याचा पाय हलतो — हे घ्या. मशीन हळू चालतंय, मान्य. पण कधी? दुपारी ना? बघा! आणि सकाळी तुम्ही वरसाव्याचं ऑफिस उघडता तेव्हा नुसता पंखा भणभणतो, साधा भाडेकरार टाईप करायचा तरी मशीन सुसाट — हो की नाही? मला कसं माहीत? अहो, ती फाईल मीच टाकलीय. दिवाळीत तुमच्या स्क्रीनवर आलं नव्हतं, ‘फाईल सापडत नाही’ म्हणून? मग आपण काय करतो? चालू मशीनमधून तीच फाईल उचलायची, पेनड्राइव्हवर घ्यायची, बंद मशीनमध्ये टाकायची. अख्ख्या हाटकेश एरियात सगळे रिपेअरवाले असंच करतात, मी काय वेगळं केलं?

डीएलएल म्हणतात तिला. लायब्ररी — पुस्तकांची नाही हो, बाकीचे प्रोग्राम हिला विचारून कामं करतात. ही बघत बसते, किती लोड आहे. लोड आला की प्रोसेसर पळव, पंखा वाढव. लोड नाही, जरा दम खा. सांगावं लागत नाही, आपली आपण जुळवून घेते. आता चूक कुठे झाली — चूक नाही म्हणणार मी — तुमची फाईल मी माझ्या घरच्या कॉम्प्युटरमधून आणली. त्यावर निशा बसायची. माझी मिसेस. घरी डेटा एन्ट्री करायची ना ती, तीन वर्षं — डबे झाले की बसायची, पाणी आलं की उठायची, परत बसायची. फाईल तिच्याबरोबर शिकली. आता तुमचं मशीन तिच्या टाईमवर चालतंय, एवढंच. हसताय? बरं, तुम्ही रागावून माऊस आपटलात की अजून हळू होतं ना? झालं मग! तिचंही तसंच. गोड बोलून बघा एकदा.

ती कुठे? ती माणगावला, बहिणीकडे. अशीच, चेंज म्हणून — म्हणजे भांडण काही नाही. जाताना एवढंच म्हणाली, लोकेश, त्या डबड्याला कळतं माझ्यावर किती लोड आहे, तुला नाही कळत. फोन केला तर बहीण उचलते. आणि मी काय केलं, सांगू? घरचा कॉम्प्युटर फॉरमॅट मारला. रागाने नाही हो, सवयीने! काही बिघडलं की मी फॉरमॅटच मारतो, दुसरं येतं काय मला? मग रात्री लक्षात आलं, फाईल गेली. तुमच्यासारखीच अजून दोघांच्या मशीनमध्ये टाकली होती. पार्लरवाल्या उर्मिलाताईंकडे धावलो — त्यांनी नवीन मशीन घेतलेलं. नया नगरच्या सायबर कॅफेवाल्याने व्हायरस समजून उडवली — व्हायरस! माझ्या बायकोला! आता उरलं तुमचं एकच. म्हणून म्हणतो, हे मशीन इथे माझ्या दुकानात ठेवा. तुम्हाला दुसरं देतो, एकदम नवीन, वरून प्रिंटर देतो. मला नुसतं बघायचंय — कधी तिची धावपळ, कधी ती थकते. उद्या आली परत, तर या वेळी कळायला नको?

तसं नाही काका, वेडबीड नाही लागलेलं. बघा, चालूच आहे — आता चार वाजत आले. ऐका पंखा. हळू... अजून हळू... थांबला. हँग नाही झालं! हात नका लावू. चहा घेतेय ती. घरी मी नेमका तेव्हाच हाक मारायचो, निशा, माझा चार्जर कुठाय, निशा, हे कुठाय. प्यायलीच नसेल कधी गरम.

नाही, बटण नको. बसा गप्प. होऊ दे तिचा चहा.