टोकाचे दगड

हडसन खोऱ्यातल्या पाणचक्कीवर दळणाची रांग होती. योस्ट गवंड्यापुढं विधवा लिसबेत आणि तिची लेक राखेल उभ्या होत्या. बोलणं राखेलला मागणी घातलेल्या तेउनिससाठी त्यानंच रचलेल्या भिंतीचं चाललं होतं.

"तेउनिसनं दगडाचं घर बांधलंय, आई. तू नि बाबा तर जहाजातून उतरून जमिनीत खणलेल्या खड्ड्यात राहिलात."

"एकाच खोलीचं. तेही अर्धवट. टोकाचे दगड दातांसारखे बाहेर आलेत."

"मुद्दाम सोडलेत. पुढची खोली तिथं जोडायचीय."

"लग्नाआधीच पोरांची सोय?"

"पोरं आमच्यात झोपतील. ती खोली तुझी."

"मी जावयाकडं राहू?"

"चुलीमागची भिंत आहे. ऊब राहील."

योस्टनं पोतं पुढं सरकवलं.

"बाहेरून वेगळं दार ठेव म्हणावं त्याला," लिसबेत लेकीला म्हणाली. "भांडण झालं तर त्याच्या चुलीपुढून जायला नको."