तीस मैलांवरच्या तळ्याला हाक

अहो, कसली डोंबलाची नोकरी ही! नळ कोरडा पडला की शिव्या कुणाला? मला! पाणी गढूळ आलं की शिव्या कुणाला? मलाच! आणि तळ्यातलं पाणी हवेतून चालत आलं तर... थांबा, हसू नका, डोळ्यांनी पाहिलंय मी. तीस वर्षं पाणी सोडतोय मी, तीस वर्षं! टाकीवर बसतो, चाव्या फिरवतो, आणि रोज सकाळी वहीत 'पाणी पिण्यास योग्य' असं लिहून खाली सही ठोकतो. मला पाण्याचं काय सांगता!

तर तुम्हाला सांगतो, त्या दिवशी सकाळी मोठी पाइपलाइन फुटली. तळं तीस मैलांवर, मधे डोंगर, दुरुस्तीला तीन दिवस. टाकी ठणठणीत, तळाशी चार बोटं गढूळ पाणी, तेवढंच. आणि टाकीसमोर, रस्त्यापलीकडे बाळंतपणाचा दवाखाना. तिथे कोण? माझी लेक! पहिलटकरीण! कळा सुरू झालेल्या! जावई धापा टाकत आला, "बाबा, डॉक्टरीणबाई ओरडतायत, हात धुवायला पाणी नाही म्हणून... तुम्ही पाणीवाले ना, काहीतरी करा!" टँकरवाल्याला फोन केला, तर तो म्हणतो कसा, "संध्याकाळी बघू की साहेब." अरे, संध्याकाळी? बाळ काय तुझी वाट बघत थांबणार आहे? माझ्या तोंडचं पाणीच पळालं हो!

शेवटी आत्याला फोन लावला. आमची आत्या माझ्याआधी याच टाकीवर होती. वय नव्वद, दात तीन, आवाज भोंग्यासारखा. लांबचं पाणी बोलवायचा मंत्र तिला येतो, हे घरात सगळ्यांना ठाऊक. आणि आत्या थापा मारते, हेही सगळ्यांना ठाऊक. पण अडला हरी! म्हटलं, "आत्या, तो मंत्र सांग."

"आत्ता बरी आठवली रे आत्या! घे लिहून. 'तुझं प्यालोय, तुलाच हाक मारतो. वाट सोड, वारा धर, माझ्या दारी ये.' तीनदा म्हण. आणि मनापासून म्हण, वहीत सही करतोस तसं नको!"

ऐकलंत? सही तिथेही मधे आली!

फाटकाशी उभा राहिलो. बाजूला जावई, दवाखान्याची सिस्टर रिकामी बादली घेऊन, आणि तमाशा बघायला अख्खी गल्ली. मी तळ्याच्या दिशेला तोंड केलं, हात जोडले, तीनदा म्हटलं. काही नाही. तेवढ्यात मागे टाकीवरच्या खोलीतून आवाज आला... बुडुक. बुडुक बुडुक. वळून बघतो तर काय, आमच्या पिण्याच्या पाण्याचा जार! विकतचा हो, वीस लिटरचा! झाकण टुणकन उडालं, पाणी वर आलं, दारातून तरंगत माझ्याशेजारी येऊन उभं राहिलं, हाक मारलेल्या इमानी कुत्र्यासारखं! सिस्टरने गपकन बादलीत धरलं आणि पळाली. पण वीस लिटरनं काय होतंय?

आत्या फोनवर, "काय आलं?" म्हटलं, "जार आला." तसा भोंगा वाजला, अख्ख्या गल्लीला ऐकू गेला! "मेल्या, तळ्याचं पाणी कधी प्यायलायस तरी का?"

आता काय सांगू तुम्हाला? टाकीवरचा एकही माणूस टाकीचं पाणी पीत नाही. मी लागलो तेव्हापासूनची रीत आहे आमची. झाकण उघडून आत बघितलेलं असतं ना आम्ही! घरीही जारच. तीस वर्षं पाणी सोडतोय मी, आणि घोटभर? कधीच नाही! मग तळं कशाला येईल? खोटं बोलणाऱ्याच्या हाकेला कोण ओ देतं?

समोर खिडकीतून लेकीची किंकाळी आली. मी शिडी चढलो, टाकीत उतरलो, तांब्या भरून वर आलो. गल्ली बघतेय. रंग? सांगत नाही. डोळे मिटले आणि गटागटा रिकामा केला. मग म्हटलं, "तुझं प्यालोय..." आणि आवाज फुटला हो माझा. रडायलाच आलं.

आधी रस्त्यावर सावली आली. हलणारी, लहरी लहरींची. वर बघितलं... आई गं! डोंगरावरून पाणी येत होतं. घराएवढं रुंद, स्वच्छ, आवाज नाही, थेंब सांडत नाही! विजेच्या तारा आल्या की अंग चोरून खालून जायचं. आत मासे, आमच्याकडे बघत निघालेले. ऊन त्यातून गाळून खाली पडत होतं, सगळ्यांचे चेहरे हिरवे निळे झाले होते. बसचा ड्रायव्हर खाली उतरून उभा. तिसऱ्या मजल्यावर एक आजोबा कपडे वाळत घालत होते, त्यांनी दोरी वर उचलून धरली आणि पाहुण्याला म्हणावं तसं म्हणाले, "या, या." आणि ते गेलं हो दोरीखालून! माझ्या डोक्यावर येऊन क्षणभर थांबलं. गार वास आला, पहाटेच्या विहिरीचा. तीस वर्षं ज्याला मी नुसता चावीने हाकलत होतो, ते एवढं मोठं होतं? एवढं देखणं? मी हात जोडलेलेच होते, गुडघे आपोआप टेकले. मग ते टाकीत उतरलं, सावकाश, काठोकाठ.

अर्ध्या तासाने नात झाली. त्याच पाण्याने धुतली. काय ओरडली म्हणता, थेट आत्या!

झालं, गोड झालं, असं वाटलं ना तुम्हाला? मलाही वाटलं. पाइप दुरुस्त झाला, मासे परत सोडून आलो, दुसऱ्या दिवशी सकाळी वही उघडून सही करणार, तर फाटकाशी ही रांग! गल्लीतला प्रत्येक जण हातात भरलेला ग्लास घेऊन. सगळ्यात पुढे कोण? माझा जावई! म्हणतो, "बाबा, सहीचं राहू द्या. आधी तुम्ही प्या."

तेव्हापासून रोज. टाकी दर आठवड्याला घासतो मी, स्वतः, ब्रश घेऊन... तीस वर्षं पाणी सोडतोय, आता पितोय. काय करता!